नोव्हेंबरची पहिली तारीख



एकाच तारखेस घडलेल्या घटना एकत्र मांडण्याची प्रथा वर्तमानपत्रांत व नभोवाणीवर बरीच जुनी आहे. तिच्यात मौज आहे आणि थोडा धोकाही आहे. मौज अशी की, ज्यांचा परस्परांशी काडीचाही संबंध नाही अशी माणसे एका पंक्तीला येऊन बसतात. धोका असा की, तारीख जुळली म्हणजे तीमागे काही संकेत असलाच पाहिजे असे मन घेऊ लागते. तसे काही नसते. वर्षाचे दिवस ३६५ आणि जगाचा इतिहास हजारो वर्षांचा. तेव्हा प्रत्येक दिवसाच्या वाट्यास काही ना काही यावयाचेच. तथापि काही तारखांवर घटना नुसत्या येऊन पडत नाहीत, त्या कोणी तरी जाणूनबुजून तेथे आणून ठेवलेल्या असतात. नोव्हेंबरची पहिली तारीख ही अशांपैकी आहे. तिची कथा एरवी लिस्बन, अलाहाबाद, दिल्ली, बंगळूर अशा थोर नगरांच्या आधाराने सांगितली जाते. येथे ती एका लहानशा गावाच्या ओसरीवर बसून पाहावयाची आहे. त्या गावाचे नाव सुपा.

उत्तर कानडा जिल्ह्यात, सह्याद्रीच्या माथ्यावरील दाट रानात, काळी आणि पांढरी या दोन नद्यांच्या संगमावर सुपा वसलेले होते. 'होते' असे म्हणण्याचे कारण पुढे येईलच. काळी नदी याच तालुक्यात, डिग्गी गावाजवळ उगम पावते आणि सुमारे १८४ किलोमीटरांचा प्रवास करून कारवारपाशी सागरास मिळते. तालुक्याच्या पश्चिमेस गोवा, उत्तरेस खानापूरचा मुलूख, पूर्वेस हल्याळ. वस्ती विरळ, कुणबी, गवळी धनगर, सिद्दी, मराठे, सारस्वत आणि हव्यक अशी नाना प्रकारची. घरात कोकणी, बाजारात मराठी आणि कचेरीत ज्याची सत्ता त्याची भाषा, अशी तेथील जिव्हेची वाटणी. अशा गावास राजधानीत काय चालले आहे याची वार्ता उशिरा कळते. परंतु तिचे परिणाम मात्र न चुकता पोचतात.

या तारखेची पहिली मोठी घटना सुप्यापासून हजारो कोस दूर घडली. त्या दिवशी शनिवार होता, साल १७५५. ख्रिस्ती पंचांगात १ नोव्हेंबर हा सर्व संतांचा सण. पोर्तुगालची राजधानी लिस्बन येथे सकाळी साडेनऊच्या पुढे चर्चे माणसांनी भरून गेली होती, वेदींवर मेणबत्त्या तेवत होत्या. अशा वेळी धरणी हादरली. काही मिनिटांतच अर्धे शहर ढासळले. मेणबत्त्यांनी आणि चुलींनी आगी लागल्या, त्या पाचसहा दिवस शमल्या नाहीत. जीव घेऊन जे लोक नदीकाठच्या मोकळ्या जागेकडे धावले, त्यांना तेजू नदीच्या मुखातून चढून आलेल्या सागरलाटांनी गाठले. मृतांची संख्या तीस हजारांपासून साठ हजारांपर्यंत निरनिराळी सांगण्यात येते. राजवाड्यातील ग्रंथालय भस्मसात झाले. पूर्वेकडील व्यापाराचा कारभार जेथून चाले ती 'कासा द इंदिया' नावाची कचेरीही गेली. हिंदुस्थानच्या किनाऱ्याशी असलेल्या अडीच शतकांच्या व्यवहाराचे कितीतरी कागद अशा रीतीने एका सणाच्या दिवशी राख झाले.

या भूकंपाने युरोपातील विचारवंत हादरले. वॉल्तेअरने त्यावर काव्य लिहिले आणि पुढे 'कांदीद' या कथेतही तो प्रसंग घातला. तरुण कांटने भूकंपाच्या कारणांवर निबंध लिहिले. परंतु या साऱ्यांपेक्षा पोर्तुगालच्या मंत्र्याने, पुढे पोंबालचा मार्क्विस म्हणून प्रसिद्धीस आलेल्या कार्व्हाल्युने, जे केले ते अधिक मोलाचे म्हणावे लागेल. त्याने देशातील गावोगावच्या धर्मगुरूंकडे एक प्रश्नावली धाडली. धक्का किती वेळ टिकला? मागाहून किती धक्के बसले? समुद्र आधी चढला की आधी ओसरला? विहिरींच्या व झऱ्यांच्या पाण्यात काही पालट झाला काय? आग लागली असल्यास किती दिवस टिकली? संकटाच्या वेळी देवाचा कोप म्हणून हात जोडून बसणे सोपे असते; प्रश्न विचारणे अवघड. भूकंपशास्त्राचा आरंभ या प्रश्नांपासून मोजतात. लिस्बनच्या दप्तरखान्यात त्यांची कितीतरी उत्तरे आजही जपून ठेवलेली आहेत.

याच पोंबालच्या कारकिर्दीत १७६१ साली असे फर्मान निघाले की, पोर्तुगीज हिंदुस्थानातील एतद्देशीय ख्रिस्ती प्रजेस मूळच्या पोर्तुगीजांसारखेच हक्क असावेत. फर्मान लिस्बनहून निघाले खरे, पण गोव्यात ते मानावयास तेथील गोरे अधिकारी राजी नव्हते. बढत्या नाकारलेल्या देशी धर्मगुरूंनी १७८७ मध्ये कट केला, तो 'पिंटोचे बंड' म्हणून ओळखला जातो. कागदावरील वचन आणि प्रत्यक्षातील वागणूक यांच्यामधील हे अंतर लक्षात ठेवावे. या तारखेच्या कथेत ते पुन्हा भेटणार आहे.

लिस्बन कोसळले तेव्हा सुप्यावर सोंदेकर राजांची सत्ता होती. सोंद्याचे राज्य घाटमाथ्यावरून थेट फोंडा, केपे, काणकोण या खालच्या महालांपर्यंत उतरलेले होते. भूकंपाच्या दुसऱ्याच वर्षी, १७५६ मध्ये, गोव्याचा व्हाइसरॉय कोंद द आल्वा हा फोंड्याजवळ मर्दनगडाच्या लढाईत मारला गेला. पोर्तुगीज सत्तेचे दिवस तेव्हा फारसे बरे नव्हते. तथापि १७६३-६४ च्या सुमारास हैदरअलीने सोंदे घेतले आणि पारडे फिरले. सोंद्याचा राजा घाट उतरून गोव्यात आश्रयास गेला. बांदोडे येथे त्याच्या वंशाने पुढील काळ काढला. घाटाखालचे महाल पोर्तुगीजांच्या हाती राहिले आणि घाटावरचा सुपा हैदराकडे गेला. एका राज्याचे असे दोन तुकडे झाले आणि सुप्याच्या पश्चिमेस एक सीमा उभी राहिली. टिपूच्या पाडावानंतर, १७९९ मध्ये, घाटावरील मुलूख इंग्रजांना मिळाला. गोवा आणि कानडा यांच्यामधील ती रेषा मात्र तशीच राहिली.

आता १ नोव्हेंबर १८५८. त्या दिवशी अलाहाबादेस लॉर्ड कॅनिंगने राणी व्हिक्टोरियाचा जाहीरनामा वाचून दाखविला आणि कंपनी सरकारची सत्ता संपून राणीचे राज्य सुरू झाल्याचे घोषित केले. देशातील इतर प्रमुख ठिकाणीही त्याच दिवशी तो वाचला गेला. ही तारीख आकाशातून पडलेली नव्हती, ती सरकारने नेमलेली होती. जाहीरनाम्यात तीन गोष्टी महत्त्वाच्या होत्या. कोणाच्याही धर्मात सरकार ढवळाढवळ करणार नाही. जात, वंश अथवा धर्म न पाहता योग्यतेप्रमाणे सर्वांना सरकारी अधिकाराच्या जागा मोकळ्या राहतील. आणि इंग्रज प्रजाजनांच्या हत्येत ज्यांचा प्रत्यक्ष हात होता ते वगळून, १ जानेवारीपूर्वी शस्त्रे ठेवून घरी परतणाऱ्या बंडवाल्यांना क्षमा केली जाईल.

क्षमेचे हे शब्द वाचले जात असताना बंडाचा वणवा पुरता विझलेला नव्हता. तात्या टोपे ऑक्टोबरच्या अखेरीस नर्मदा ओलांडून दक्षिणेत उतरला होता. आणि दक्षिणेतील बंडवाल्यांचे एक ठाणे म्हणजे सुप्याचे रान. १८५८-५९ या काळात गोव्याच्या सरहद्दीलगतच्या या डोंगरांत सावंतवाडीकडील सावंत मंडळी आणि सुप्याकडील रघोबा, चिंतोबा व शांता हे फडणीस बंधू इंग्रजांशी झुंजत होते. त्यांच्या जोडीला सिद्दी बस्त्यांव होता. हे नाव येथे थोडे थांबून ऐकण्याजोगे आहे. पूर्व आफ्रिकेतून पोर्तुगीजांनी गुलाम म्हणून गोव्यात आणलेल्यांपैकी जे कोणी निसटून घाटावरील अरण्यात शिरले, त्यांची संतती म्हणजे या भागातील सिद्दी. 'बस्त्यांव' हे सेबास्तियांव या पोर्तुगीज नावाचे कोकणी रूप. ज्यांच्या पूर्वजांना एका सरकारने साखळदंडांतून आणले, त्यांच्यातील एक पुरुष ब्राह्मण फडणिसांच्या आणि मराठा सावंतांच्या खांद्यास खांदा लावून दुसऱ्या सरकारशी लढला. आपल्या इतिहासाच्या शालेय पुस्तकांत कानपूर आणि झाशी येतात. सुपा येत नाही. ते यावयास हवे. आणि सिद्दींना अनुसूचित जमाती म्हणून मान्यता मिळण्यासाठी २००३ साल उजाडावे लागले, ही गोष्टही त्याच पानावर छापावी.

राणीच्या जाहीरनाम्यातील नोकऱ्यांचे वचन किती खरे झाले? इंग्रजी अधिकाऱ्यांनी ते पुष्कळ अंशी कागदावरच ठेवले. सनदी नोकरीची परीक्षा विलायतेत, इंग्रजीत आणि कोवळ्या वयाच्या अटीवर. पण एक अपवाद या जिल्ह्याच्या वाट्यास आला. १८६२ मध्ये उत्तर कानडा जिल्हा मद्रास इलाख्यातून काढून मुंबई इलाख्यास जोडण्यात आला. धारवाडकडील कापूस कारवार बंदरातून जावा, ही त्यामागील व्यापाऱ्यांची खटपट. पुढच्याच वर्षी सत्येंद्रनाथ टागोर हे सनदी नोकरीच्या परीक्षेत उत्तीर्ण होणारे पहिले हिंदी गृहस्थ ठरले. त्यांची नेमणूक मुंबई इलाख्यात झाली आणि कालांतराने ते कारवारला जिल्हा न्यायाधीश होऊन आले. १८८३ मध्ये त्यांचे धाकटे बंधू रवींद्रनाथ त्यांच्याकडे राहावयास आले तेव्हा बावीस वर्षांचे होते. काळी नदीच्या मुखाकडून नावेने आत जाऊन चांदण्यात परतल्याची आठवण त्यांनी पुढे लिहून ठेवली, आणि 'प्रकृतिर प्रतिशोध' हे नाट्यकाव्यही कारवारलाच लिहिले. ज्या पाण्यावरून त्यांची नाव गेली, ते पाणी सुप्यावरूनच वाहत आलेले होते.

यानंतरच्या काही घटना भरभर सांगितल्या तरी चालतील. १ नोव्हेंबर १९१३ रोजी सान फ्रान्सिस्को येथे 'गदर' या पत्राचा पहिला अंक उर्दूत निघाला. पुढे त्या चळवळीत तळेगाव ढमढेऱ्याचा विष्णू गणेश पिंगळे सामील झाला आणि १६ नोव्हेंबर १९१५ रोजी लाहोरच्या तुरुंगात कर्तारसिंग सराभाबरोबर फासावर गेला. वर्ध्याचे पांडुरंग खानखोजे याच चळवळीतले. १ नोव्हेंबर १९५२ रोजी अमेरिकेने प्रशांत महासागरातील एन्वेटोक येथे हायड्रोजन बॉम्बची पहिली चाचणी केली आणि एलुगेलॅब नावाचे बेट नकाशावरून नाहीसे झाले.

या शेवटच्या घटनेने तारखांच्या हिशेबातील एक गंमत उघड होते. एन्वेटोकवर १ नोव्हेंबरची सकाळ झाली होती तेव्हा ग्रीनिचला अजून ३१ ऑक्टोबरच होता. तारीख ही वस्तू वाटते तितकी पक्की नाही. पोर्तुगीजांनी ग्रेगरी पोपचे सुधारलेले पंचांग १५८२ मध्येच घेतले, इंग्रजांनी १७५२ पर्यंत घेतले नाही. त्यामुळे शिवछत्रपतींच्या राज्याभिषेकाची इंग्रजी तारीख ६ जून १६७४, तर गोव्याच्या पोर्तुगीजांच्या गणनेने तोच दिवस १६ जून. रायगडावरील लोकांना या दोन्हींशी कर्तव्य नव्हते. त्यांच्या दृष्टीने ती ज्येष्ठ शुद्ध त्रयोदशी होती.

१ नोव्हेंबर १९५४ ही तारीख सुप्याच्या पश्चिमेकडील सीमेस लागू पडावयास हवी होती, पण पडली नाही. त्या दिवशी पाँडिचेरी, कारैकल, माहे आणि यानम या वसाहतींचा कारभार फ्रान्सने भारताच्या स्वाधीन केला. त्याआधी १८ ऑक्टोबरला किळूर येथे लोकप्रतिनिधींचे मत घेण्यात आले. १७८ पैकी १७० जणांनी भारताच्या बाजूने कौल दिला आणि प्रश्न रक्तपाताशिवाय मिटला. हेच शहाणपण पोर्तुगालला सुचले असते तर सुप्याच्या तालुक्यातील कॅसल रॉक स्थानकावर पुढील सात वर्षे जो शुकशुकाट राहिला तो राहिला नसता. मुरगावहून घाट चढून येणारी रेल्वे तेथे भारतात शिरत असे. १९५५ मध्ये, १५ ऑगस्टच्या सत्याग्रहात पोर्तुगीजांनी गोळीबार केला, कित्येक सत्याग्रही धारातीर्थी पडले आणि सीमेवरील वाहतूक बंद झाली. घाटाखाली लेक दिलेल्या घरांना मग परवान्यांची आणि चोरवाटांची भाषा शिकावी लागली. १९ डिसेंबर १९६१ रोजी गोवा मुक्त झाला तेव्हा कोठे ती सोंदेकरांच्या काळची रेषा सैल पडली.

परंतु तोवर सुप्याच्या दुसऱ्या अंगास नवी रेषा आखली गेली होती.

गुरुवार, १ नोव्हेंबर १९५६. दिवाळीचे दिवस. राज्यपुनर्रचनेचा कायदा त्या दिवशी अमलात आला. फाजल अली, हृदयनाथ कुंझरू आणि सरदार पणिक्कर यांच्या आयोगाने १९५५ मध्ये दिलेल्या अहवालावर तो आधारलेला होता. पण जसाच्या तसा नव्हे. आयोगाने १६ राज्ये सुचविली, कायद्याने १४ केली. चंदगड तालुका वगळून बेळगाव जिल्हा, तसेच विजापूर, धारवाड आणि कानडा हे जिल्हे मुंबई राज्यातून निघून म्हैसूर राज्यात गेले. आदल्या दिवशी सुप्याचे वरिष्ठ न्यायालय मुंबईस होते, दुसऱ्या दिवशी ते बंगळुरास गेले. गाव जागचे हलले नाही, नदी हलली नाही. बदलला तो कागदाच्या माथ्यावरचा शिक्का.

त्या एका दिवशी किती घरांत आनंद झाला आणि किती घरांत चूल गार राहिली, हे पाहू लागले म्हणजे कोणत्याही एका बाजूचा जयजयकार करणे कठीण जाते. कन्नड भाषकांच्या दृष्टीने हा अर्ध्या शतकाच्या साधनेचा दिवस होता. मुंबई, मद्रास, हैदराबाद, कोडगू आणि म्हैसूर अशा पाच ठिकाणी विखुरलेली त्यांची भूमी आलूर वेंकटराव यांच्यासारख्यांनी आयुष्य वेचून एकत्र आणावयाचा ध्यास घेतला होता. ते स्वप्न साकार झाले आणि निजलिंगप्पा नव्या राज्याचे मुख्यमंत्री झाले. मराठी भाषकांनाही त्या दिवशी काहीच मिळाले नाही असे नाही. मराठवाडा आणि विदर्भ मराठी मुलखास येऊन मिळाले. फक्त ते गुजरातसह एका विशाल द्वैभाषिकात आले. त्याची धुरा त्याच दिवशी यशवंतराव चव्हाणांनी उचलली. पण ज्या बेळगावात मे १९४६ मध्ये मराठी साहित्य संमेलन भरले आणि संयुक्त महाराष्ट्राच्या मागणीस संघटित रूप आले, ते बेळगावच बाहेर राहिले. म्हणून त्या भागातील मराठी जनता हा दिवस तेव्हापासून काळा दिवस म्हणून पाळत आली आहे. आणि इकडे मराठी वाचकांच्या सहसा ध्यानी न येणारी गोष्ट अशी की, काळा दिवस कन्नडिगांच्याही वाट्यास आला. कासारगोड त्याच तारखेस केरळात गेले; कवी कय्यार किंजण्ण रै आणि त्यांचे सहकारी ते परत मिळावे म्हणून जन्मभर झटले. रेषा दिल्लीत आखली जाते, तेव्हा ती दोन्हीकडच्या लोकांच्या अंगणातून जाते.

सुप्याची स्थिती बेळगावपेक्षाही नाजूक होती. बेळगावात मराठी की कन्नड, एवढाच वाद. सुपा, हल्याळ आणि कारवार येथे कोकणीचा प्रश्न मधे उभा. कोकणी ही मराठीची बोली धरली तर पारडे एकीकडे झुके, स्वतंत्र भाषा धरली तर दुसरीकडे. म्हणजे ज्या बाईने आयुष्यात कधी भाषाशास्त्राचे नाव ऐकले नाही, तिच्या ओव्यांवर आणि शिव्यांवर दोन राज्यांचे वकील युक्तिवाद करीत होते. महाराष्ट्राचे म्हणणे असे की, खेडे हा घटक धरावा, भौगोलिक सलगता पाहावी, बहुसंख्येची भाषा पाहावी आणि लोकांची इच्छा विचारावी. आंध्र व मद्रास यांच्यातील तंटा हरि विनायक पाटसकरांनी अशाच तत्त्वांवर सोडविला होता. कर्नाटकाचे म्हणणे, जिल्हा हा घटक एकदा मानला तो मानला. सेनापती बापटांच्या उपोषणानंतर १९६६ मध्ये मेहरचंद महाजन यांचा एकसदस्य आयोग नेमला गेला. त्याने १९६७ च्या अहवालात २६४ गावे महाराष्ट्रास आणि २४७ गावे म्हैसूरला द्यावीत असे सुचविले. बेळगाव शहर आणि सुप्याकडचा मुलूख म्हैसूरकडेच ठेवण्याचे मत दिले. महाराष्ट्राने तो अहवाल नाकारला. २००४ मध्ये सर्वोच्च न्यायालयात दावा दाखल केला आणि तो अद्याप निकालात निघालेला नाही. मध्यंतरी १९९२ मध्ये कोकणीला घटनेच्या आठव्या अनुसूचीत स्थान मिळाले. ते योग्यच झाले. आपल्या भाषेस मान मिळावा म्हणून लेकरांनी तिचे नाव दुसऱ्या भाषेच्या नावाखाली लिहावे, हे कोणत्याही आईस रुचणार नाही.

या गदारोळात एक लहानशी गोष्ट बहुधा विसरली जाते. १ नोव्हेंबर १९५६ रोजी केवळ राज्यांच्या सीमा बदलल्या नाहीत. त्याच दिवशी सातवी घटनादुरुस्तीही अमलात आली आणि तिने घटनेत ३५० अ हे कलम घातले. भाषिक अल्पसंख्याकांच्या मुलांना प्राथमिक शिक्षण त्यांच्या मातृभाषेतून मिळावे यासाठी राज्याने पुरेशा सोयी करण्याचा प्रयत्न करावा, असे ते कलम सांगते. पुढच्याच ३५० ब कलमाने अशा अल्पसंख्याकांसाठी विशेष अधिकारी नेमण्याची तरतूद केली. ज्यांनी रेषा आखली त्यांना रेषेच्या पलीकडे पडणाऱ्या मुलांची आठवण होती, हे त्यांच्या श्रेयात जमा केले पाहिजे. परंतु 'प्रयत्न करावा' या दोन शब्दांत किती मावते आणि किती निसटते, हे शाळेच्या हजेरीपटाइतके कोणी चांगले सांगू शकणार नाही. वर्ग उघडावा तर शिक्षक नाही. शिक्षक आला तर पुस्तके वेळेवर नाहीत. पुस्तके आली तोवर पुढे नोकरीस उपयोग काय म्हणून बापाने मुलाचे नाव काढून नेलेले. यात कोणी एक दुष्ट असतो असे नाही. बेळगावच्या मराठी मुलाची जी कथा तीच कासारगोडच्या कन्नड मुलाची, तीच जत आणि अक्कलकोटच्या कन्नड मुलाची. धारवाडचे द. रा. बेंद्रे घरी मराठी बोलत आणि कन्नडातील महाकवी झाले. मराठीतही त्यांनी लेखन केले. अशी माणसे सीमेवरच निपजतात. पण ती निपजावी म्हणून दोन्ही भाषांच्या शाळा उघड्या राहाव्या लागतात.

१९५६ नंतर ही तारीख आपोआप येईनाशी झाली. ती निवडण्यात येऊ लागली. १ नोव्हेंबर १९६६ रोजी हरियाना निराळा झाला, २००० मध्ये छत्तीसगड. १ नोव्हेंबर १९७३ रोजी देवराज अर्स यांच्या कारकिर्दीत म्हैसूर राज्याचे 'कर्नाटक' असे नामकरण झाले. १ नोव्हेंबर २०१४ रोजी बंगळूरचे बेंगळुरू आणि बेळगावचे बेळगावी झाले, तेही हीच तारीख साधून. एकदा एखाद्या दिवसास मान मिळाला म्हणजे राज्यकर्ते आपली नवी कृत्ये त्याच्याच खुंटीला टांगतात. व्हिक्टोरियाच्या मुत्सद्द्यांनाही हे ठाऊक असावे.

राहता राहिला सुपा. हे गाव कोणाचे, हा वाद चालू असतानाच काळी नदीवर गणेशगुडी येथे धरण बांधावयाचे ठरले. १०१ मीटर उंच आणि ३३२ मीटर लांब असे ते काँक्रीटचे धरण १९८७ मध्ये पूर्ण झाले. त्याच्या पायथ्याशी १०० मेगावॉट वीज निघते आणि साठविलेले पाणी खाली नागझरीच्या मोठ्या वीजगृहास पोसते. राज्यभरच्या दिव्यांना आणि कारखान्यांना या पाण्याचे ऋण आहे, हे नाकारण्यात अर्थ नाही. जलाशय भरू लागला तसा दोन नद्यांचा संगम, बाजारपेठ, घरे, देवस्थाने आणि शेते पाण्याखाली गेली. तालुक्याची कचेरी जोयड्यास गेली आणि तालुकाही जोयडा म्हणून ओळखला जाऊ लागला. उठलेल्या माणसांपैकी पुष्कळांना रामनगरला वसविण्यात आले. भोवतालचे रान आता काळी व्याघ्र प्रकल्पात मोडते. ज्या भूमीसाठी दोन राज्यांनी नकाशे रंगविले, तिचा मध्यभाग नकाशावर आता निळ्या रंगाने दाखवावा लागतो.

दरवर्षी नोव्हेंबरच्या पहिल्या तारखेस जोयड्यात पिवळा-तांबडा ध्वज चढतो, मुले कन्नड गीत म्हणतात. थोड्या कोसांवर खानापूर आणि बेळगावकडे काळ्या फिती बांधलेले लोक दिसतात. दुसऱ्या दिवशी, सर्व मृतांच्या स्मरणाच्या दिवशी, या भागातील ख्रिस्ती कुटुंबे आपल्या माणसांच्या थडग्यांवर मेणबत्त्या लावतात. पावसाळा तेव्हा नुकताच सरलेला असतो आणि जलाशय तुडुंब असतो, त्यामुळे जुना सुपा त्या दिवसांत कोणालाच दिसत नाही. उन्हाळ्यात, आणि तेही एखाद्या वर्षी पाणी फार खाली गेले तर, जुन्या वस्तीचे अवशेष वर येतात. मग रामनगरची काही म्हातारी माणसे नातवंडांना घेऊन काठावर जातात आणि बाजार कोठे भरत असे, घर कोणत्या अंगाला होते, ते त्यांना बोटाने दाखवितात.